बुटातला कापूस

डाव्या बुटाच्या टोकातला कापूस पुन्हा सरकला होता – बोटांखाली गोळा होऊन, ओलसर, टोचरा... चेहऱ्यावर रंगाचा पिवळट थर चढवताना सुचिनचं सगळं लक्ष टेबलाखाली, त्या बुटातच. शांघायभर तिचे फोटो लागलेले – सायकलवर, रॅकेट घेऊन, उंच टाचांत. नव्या काळातली मुलगी! आणि त्या नव्या काळाचं टोक कापसाचं.

लहानपणी, पाय इवलेसे राहावेत म्हणून, आई त्यांना पट्ट्या आवळायची आणि स्वतःच रडायची. मग क्रांती झाली, वडील बादशाहीच्या सक्तीची पुरुषी वेणी कापून घरी आले, म्हणाले, सोडा पोरीचे पाय. बांधताना दुखलं त्याहून सोडताना जास्त दुखलं – हे कुणाला सांगावं? बोटं तळव्याखाली दुमडलेलीच राहिली.

दिग्दर्शक फांग दारातूनच म्हणाले, "सुचिनबाई, कोळ्याची पोर भावाच्या होडीमागे बूट घालून कशी धावेल? तोंड तुमचं घेऊ, पाय त्या नव्या मुलीचे. पडद्यावर कोणाला कळतंय!" बोलताना त्यांनी खाली पाहिलं नाही. म्हणजे माहीत होतं. सगळ्यांनाच असावं.

ते गेल्यावर कपडेपट सांभाळणारी शूमावशी खुसखुसली. "घे की उसने पाय! इथे लोक अख्खी बायको उसनी आणतात."

"आणि मी पडले तर?"

"तर चिखलात पाय जातील, तोंडही जाईल. हो म्हण गं बाई, हट्ट करू नकोस."

हट्ट... पहिल्या चित्रपटात गर्दीत उभं राहवेना म्हणून ती दाराच्या चौकटीला टेकली होती, एक पाय जरा उचलून – नुसती कळ मारत होती म्हणून. लोक त्या टेकण्यावर लुब्ध झाले. आज या शहरातल्या धडधाकट पायांच्या पोरी चौकटी शोधून तश्शाच टेकतात, फोटो काढून घेतात! म्हणजे हे नाव, ही कीर्ती, सगळं या पायांनीच कमावलं की. आईने ते मोडले, वडिलांनी अर्धेमुर्धे परत दिले, आणि आता उरलेले फांगसाहेब कापून टाकणार – कात्रीने, फिल्ममधून. माझे पाय देखणे नाहीत. पण इथवर मला दुसऱ्या कुणी आणलं नाही.

नदीकाठी ओहोटी होती. नवी मुलगी बूट काढून तयार, बिचारी थंडीने कुडकुडत.

"तू शाल घे," सुचिन तिला म्हणाली, आणि खाली बसून तिने आपल्याच बुटांचे बंद सोडले. कापूस बाहेर काढला. शूमावशीच्या हातात दिला. मावशीने, का कोण जाणे, तो बाहीत झाकला.

"कॅमेरा वर घ्या," फांग घाईने म्हणाले, "नुसतं तोंड!"

"खाली घ्या, साहेब. आधी खाली."

मग यंत्राची मान कुरकुरत खाली वळली. चिखल गार होता, दुमडलेल्या बोटांच्या फटींत शिरत होता, जिथे इतकी वर्षं हवासुद्धा शिरली नव्हती... तोल जाईल, जाईलच कदाचित. सवयीने तिचा हात बाजूला गेला, चौकट चाचपायला – समोर नुसती नदी, उघडी, लांबलचक. तिने हात परत घेतला आणि सगळा भार पायांवर टाकला.