आडवं रोप

माझ्याशी भांडणारं जगात आता एकच माणूस उरलं आहे, माझा पाठचा भाऊ. दर रविवारी सकाळी त्याचा फोन यायचा आणि विषय ठरलेला असायचा, अंगणातलं रेडवूडचं झाड. आमच्या वडिलांनी परदेशी गेलेल्या कुणाकडून तरी बी मागवून ते लावलं होतं. मूळच्या मुलखात ही झाडं म्हणे धुकं पिऊन वाढतात. इथे कुठलं आलंय धुकं! मग वडीलच रोज सकाळी शिडीवर चढून नळीनं फांद्या भिजवायचे. शेजारी म्हणत, यांच्याकडे झाडाला आंघोळ आणि पोरं पारोशी. पुढे झाड इतकं उंच झालं की नळीचा फवारा पोचेना. वरचा शेंडा वाळला, खालचा बुंधा मात्र फुगतच गेला. मुळांनी न्हाणीघराची फरशी उचलली, कुंपणाच्या भिंतीला चीर पाडली.

भाऊ म्हणायचा, पाडून टाकू. त्याच्या घरी बायको, मुलगा, सून, नातवंडं, नुसता गलका. माझ्याकडे शिलाई मशीन आणि दुरुस्तीला आलेल्या लोकांच्या पँटी. आईवडील गेल्यावर एकमेकांची खुशाली विचारायची सवय आमच्यात राहिली नाही, भांडण तेवढं टिकलं. झाड गेलं की त्याला मला फोन करायला कारण उरणार नाही, हे मला पक्कं ठाऊक होतं. म्हणून मी त्याला कुऱ्हाडीचा दांडा म्हणायचे, तो मला हेकट म्हणायचा, आणि फोन ठेवल्यावर माझा दिवस बरा जायचा.

शेवटी तोच एक पाऊल मागे आला. म्हणाला, याचं एक रोप तयार कर, ते उभं राहिलं की मोठं पाडू.

एकट्या झाडाचं बी, ते वांझच निघालं. मग हाताला लागेल अशा खालच्या फांदीचे तुकडे काढून मी कुंड्यांत खोचले. त्यातलं एक रोप जगलं, पण वाढलं ते आडवं. काठी लावली, कापडाच्या किनारीनं बांधलं, दमही भरून पाहिला. काठी सोडली की पुन्हा आपलं आडवं. भाऊ दर रविवारी विचारायचा, उभं राहिलं का? मी सांगायचे, अजून नाही. तो चिडायचा. आमचं छान चाललं होतं.

एकदा कुंडी उचलून नर्सरीवाल्याकडे नेली. तो आधी पोटभर हसला. बाजूच्या फांदीचा तुकडा जन्मभर फांदीच राहतो, म्हणाला; आपण झाड आहोत हे त्याला कळतच नाही. सरळ रोप हवं तर शेंड्याचा तुकडा लागतो, नाहीतर झाड तोडल्यावर बुंध्यातून फुटलेला कोंब. मला लगेच पटलं. उरेब, म्हणजे तिरक्या कापलेल्या कापडाला कितीही इस्त्री करा, ते सरळ पडत नाही. आमचा शेंडा तर कधीच वाळला होता. खरं म्हणजे मला वाईट वाटायला हवं होतं, पण हायसं वाटलं. रोप कधी उभं राहणार नाही, म्हणजे फोनही बंद होणार नाही. भावाला मी यातलं काही बोलले नाही.

मग वादळ आलं. वाळका शेंडा मोडून शेजाऱ्यांच्या पत्र्यावर पडला. त्यांची सून नुकतीच कपडे वाळत घालून आत गेली होती, थोडक्यात वाचली. त्याच दिवशी मी होऊन भावाला फोन केला आणि म्हटलं, पाडू या.

तो स्वतः आला नाही, माणसं पाठवली. काम संपल्यावर त्याचा फोन आला. नीट झालं ना, सुटलीस बाई एकदाची, म्हणाला. मी हो म्हटलं.

पुढच्या रविवारी फोन आला नाही. त्याच्या पुढच्याही रविवारी नाही. फोन ऐकू यावा म्हणून मी मशीन बंद ठेवून हातानं काज करत बसायचे. इतकं एकटं मला आईवडील गेले तेव्हाही वाटलं नव्हतं. एकदा न राहवून मीच लावला, तर त्याच्या सुनेनं उचलला. काही काम होतं का आत्या, असं तिनं चांगल्या मनानं विचारलं. काम नव्हतं, म्हणून मी ठेवून दिला.

आणि मग एका सकाळी पाहते तर बुंध्याभोवती हिरवे कोंब. मी चहा गॅसवर तसाच सोडून फोन लावला. या खेपेला त्यानंच घेतला.

"अरे, बुंध्याला कोंब फुटलेत. ढीगभर. आणि सगळे ताठ उभे."

"एक ठेव, ताई. बाकीचे काढून टाक. भिंतीकडचा आधी."

"मी एकही काढणार नाही."

"पुन्हा फरशी उचलतील. तुला काही कळतं का?"

"नाही कळत," मी म्हटलं. "रविवारी फोन कर आणि समजावून सांग."

करतो म्हणाला. त्या दिवशी सोमवार होता.