विरोधातला एकच हात

मार्करचं निळं झाकण तिच्या डाव्या मुठीत होतं आणि उजवा हात वर होता. ठरावातली 'ऑब्जेक्ट'ची व्याख्या तिचीच होती. ठरावाच्या विरोधात वर झालेला एकमेव हातही तिचाच.

आता स्टाफरूममध्ये तेच झाकण टेबलावर उभं करत ती त्या हाताचा तपास करत होती, हात दुसऱ्या कुणाचा असावा तसा. बैठकीपुढचा प्रश्न साधा होता: नवी प्रोग्रॅमिंग भाषा ऑब्जेक्ट ओरिएंटेड, म्हणजे 'ऑब्जेक्ट' नावाच्या सुट्या घटकांवर उभी, म्हणायची की नाही. म्हणायची, तर ती अभ्यासक्रमात येणार आणि ती शिकवणाऱ्या कंत्राटी मुलीची — विभागात सगळे तिला 'धाकटी' म्हणत — नोकरी टिकणार. या विभागात ठराव एकमतानेच होत. एक हात विरोधात गेला की विषय पुढच्या वर्षावर. धाकटीला इथे पुढचं वर्ष नव्हतं.

भाषेत खोट सापडली म्हणून? नाही... ती तिने स्वतः तपासली होती. धाकटीविषयी आकस? तोही नाही, धाकटी तिचीच विद्यार्थिनी. मग उरला तो, एरवी समोरच्या खुर्चीत बसणारा प्राध्यापक, ज्याला तिने 'वारसदार' हे नाव ठेवलं होतं, कारण इनहेरिटन्स, म्हणजे एका क्लासने, एका साच्याने, दुसऱ्याचे गुण वारशाने घ्यायची सोय, नसलेली भाषा त्याच्या लेखी ऑब्जेक्ट ओरिएंटेड नव्हतीच. "क्लास हवा, क्लासला बाप हवा. बाप नाही ती भाषा अनाथ!" असं तो वर्षानुवर्षं जिन्यात, परीक्षेच्या हॉलबाहेर, एकदा तर तिच्या वडिलांना भेटायला दवाखान्यात आला तेव्हा खाटेच्या पायथ्याशी उभा राहून म्हणाला होता — आणि तिनेही सलाईनच्या नळीवरून नजर न काढता तिथल्या तिथे सुनावलं होतं की ज्याला निरोप धाडावा आणि ज्याने पोटातलं न दाखवता उत्तर द्यावं ते ऑब्जेक्ट, बाकी सगळी सोयरीक. वडील हसले होते. त्या आजारपणातलं त्यांचं तेवढंच हसू... त्याबद्दलही तिला वारसदाराचा रागच आला होता.

आणि आज बैठकीत हा माणूस, चहात बिस्किट बुडवत: "मॅडमचंच खरं हो. निरोप घेतो, उत्तर देतो, झालं ऑब्जेक्ट! उगाच इतकी वर्षं डोकं खाल्लं मी त्यांचं."

उगाच.

"चला, सूर्य पश्चिमेला उगवला," विभागप्रमुख म्हणाले. "विरोधात कोणी?" — आणि हात.

"मॅडम," धाकटी दारात उभी होती. "माझ्या मांडणीत काय चुकलं?"

"काही नाही."

"मग?"

"त्या भाषेत इनहेरिटन्स नाही," ती म्हणाली, आणि स्वतःच्याच तोंडून तिला वारसदाराचा हेल ऐकू आला.

"हा मुद्दा खोडायला तर तुम्हीच शिकवलंत आम्हाला." धाकटीने ओढणीचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं. "विभागप्रमुख सर म्हणाले, संध्याकाळपर्यंत मत बदलता येतं. म्हणजे... तुम्हाला वाटलं तर." ती उत्तरासाठी थांबली नाही.

तिला आठवलं: लहानपणी खिडकीजवळच्या पलंगावरून ताईशी रोजचं भांडण. ओरबाडणं, रडणं, आईचे धपाटे... एका रात्री ताई जांभई देत म्हणाली, "घे बाई, तूच घे." त्या रात्री मी जमिनीवर झोपले. पलंग सकाळपर्यंत रिकामा. का, ते कुणी विचारलं नाही, मीही नाही.

झाकण कलंडलं, घरंगळत टेबलाच्या कडेशी गेलं. ती ते पाहत राहिली. विभागप्रमुखांची खोली दोन दारं पलीकडे होती. समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे तिने नेहमीच्या सवयीने रागाने पाहिलं, पण राग तिथे ठरेना. परत येऊन तिच्याच शेजारी बसला.

कारण भाषेत नव्हतं, धाकटीतही नव्हतं. आपलं खरं ठरावं असं तिला कधी वाटलंच नव्हतं. त्याचं खोटं असावं एवढंच हवं होतं, आणि ते त्याने आज चहाबरोबर संपवून टाकलं होतं.