पाठीमागचा सूर्य

आमच्या टेकडीखाली मठ आहे. तिथली माणसं सकाळी सूर्याकडे पाठ करून बसतात. डॉक्टर थॉर्वल्ड प्रुइट यांचं तत्त्वज्ञानच तसं आहे. पहिला उजेड म्हणे सगळ्यांचा, त्याची किंमत काय? खरा तो दुसरा उजेड, पश्चिमेच्या खिडकीतून येणारा. तो कपाळावर पडला की मनातल्या प्रश्नाला होकार मिळाला. हे गृहस्थ डॉक्टर म्हणजे तत्त्वज्ञानाचे, गळू फोडायला सांगाल तर पळून जातील. अकरा वर्षांपूर्वी कुठलंसं कॉलेज सोडून आमच्या न्यू मेक्सिकोत आले, मेंढ्यांची जुनी शेड विकत घेतली आणि तिच्यात बसून तीन जाडजूड पुस्तकं लिहिली. वास अजून मेंढ्यांचाच येतो.

दुसरा उजेड कुठून येतो ते मला ठाऊक आहे. माझ्या ट्रकच्या आरशातून. मी सरपण विकते. ट्रक टेकडीवर माझ्या दारात उभा असतो आणि सकाळचं ऊन त्याच्या मोठ्या आरशावर पडून खाली त्यांच्या खिडकीत शिरतं. मागच्या वर्षी मी तो आरसा एकदा पुसला, तर मठाच्या पत्रकात छापून आलं की उजेड आता अधिक शुद्ध झाला आहे. मी हसून हसून लोळले होते. तेव्हा माझा भाऊ तिथे जात नव्हता.

सेल्सो माझा धाकटा. काचबिंदूने त्याचा डावा डोळा गेला, आणि उजव्याने नळीतून पाहावं तेवढंच दिसतं. अल्बुकर्की शहरातल्या डॉक्टरीणबाईंनी, खऱ्या डॉक्टरीणबाईंनी, ऑपरेशनला गुरुवारची तारीख दिली होती. तारीख चुकवलीस तर हाही जाईल, असं तोंडावर सांगितलं होतं. आणि हा शहाणा म्हणतो, "आधी उजेड पडू दे."

सोमवारी मी प्रुइटसाहेबांकडे गेले.

"डॉक्टर, त्याला फक्त जा म्हणा. तुमचा शब्द तो खाली पडू देत नाही."

"मी कोण सांगणारा, यूफेमियाबाई? उजेड सांगेल."

"तो उजेड म्हणजे माझ्या ट्रकचा आरसा आहे."

मला वाटलं, माणूस दचकेल. त्यांनी शांतपणे चहात मध ढवळला.

"माहिती आहे मला. पहिल्याच वर्षी कळलं. पण आरशात उजेड कुठून येतो, याचा कधी विचार केलात?"

मला किळस आली. माणूस वेडा असता तर मी कीव तरी केली असती. हा तर चांगला धडधाकट शहाणा निघाला, आणि बाहेर माझा भाऊ चाचपडत चपला शोधत होता.

ठीक आहे म्हटलं, उजेडच पाहिजे ना, घ्या. सेल्सोची जागा ठरलेली, खांबाशेजारी. मंगळवारी मी आरसा हाताने इकडेतिकडे फिरवून पाहिला. खाली भिंतीवर ठिपका कसा सरकतो ते टेकडीवरून दिसत होतं. बुधवारी बरोबर बेताने वळवून ठेवला आणि मठात जाऊन मागे भिंतीला टेकून उभी राहिले. चौदा माणसं डोळे मिटून ओळीत बसलेली. उजेड आला, सरकत सरकत सेल्सोच्या कपाळावर पोचला. प्रुइटने घंटी वाजवली.

"सेल्सो, तुला होकार मिळाला. प्रश्न काय होता?"

सेल्सोने डोळे उघडले. एवढं आनंदलेलं मी त्याला त्याच्या लग्नातही पाहिलं नव्हतं.

"मी विचारलं होतं, ऑपरेशनशिवाय भागेल का?"

प्रश्न काय असेल हे मी विचारलंच नव्हतं. म्हणजे प्रुइटचा मूर्खपणा मी स्वतःच्या हाताने पूर्ण केला होता. मी प्रुइटकडे पाहिलं. त्याने एक शब्द बोलायचा होता, एकच. त्याने माझ्याकडे पाहिलं आणि डोळे मिटून घेतले.

तोवर ऊन सरकलं. सेल्सोचं कपाळ सोडून शेजारच्या विनिफ्रेडबाईंच्या नाकावर जाऊन बसलं. बाई रडायला लागल्या. सेल्सो मात्र समोर बघत तसाच हसत होता.

"अजून माझ्यावरच आहे," तो म्हणाला. "ऊब लागतेय."

बाकीची तेरा माणसं, सगळ्यांचे डोळे ठणठणीत, आणि सगळी गप्प.

मी पुढे गेले. "सेल्सो, तुझा उजेड केव्हाच गेला. विनिफ्रेडबाईंच्या तोंडावर आहे."

"कुठे?"

"तुझ्या शेजारी. हातभरावर."

त्याने मान वळवली, तरी त्याला त्या सापडेनात. आणखी वळवली, तेव्हा दिसल्या. त्याचं हसू उतरलं.

"कधीपासून?"

"अंडं उकडेल इतका वेळ झाला. आणि तो उजेड माझ्या ट्रकच्या आरशाचा आहे, सकाळी मीच वळवलाय. तुझ्या डॉक्टरांनाही ते ठाऊक आहे. विचार त्यांना."

सेल्सोने विचारलं नाही.

"मला सुरीची भीती वाटते गं," तो हळूच म्हणाला. "कोणीतरी नको म्हणावं, एवढंच हवं होतं."

"मलाही वाटते," मी म्हटलं. "चल."

दारापर्यंत प्रुइट मागे आला. वाटलं, आता तरी लाजेल. त्याने आवाज खाली आणला. "उद्या ट्रक घेऊन जाल ना? परत आलात की त्याच जागी लावा. आणि आरसा पहिल्यासारखा."

त्याला उत्तर देऊन मी तोंड विटाळलं नाही.

गुरुवारी ऊन वर आल्यावर आम्ही निघालो. वळवलेला आरसा सरळ करायचं राहूनच गेलं होतं. रस्ता पश्चिमेला वळला आणि पाठीमागचा सूर्य आरशातून थेट सेल्सोच्या तोंडावर आला. त्याने तळहात आडवा धरला.

"यूफेमिया, तो आरसा वळव गं. त्रास होतो डोळ्याला."