नवमीचं पान

विजयमालाने फोटोच्या काचेवर फुंकर मारली आणि फडक्याने ती अशी घासली, की खिळ्यासकट फ्रेम हलली. आज अविधवा नवमी. सवतीचं पान वाढायचं, तिच्यापुढे नवी साडी ठेवायची, हात जोडायचे आणि मग ती साडी जेवायला आलेल्या सवाष्णीला द्यायची. चौपन्न वर्षं हा उद्योग चालला होता. नवऱ्याच्या पहिल्या बायकोला जेवू घालायची हौस कुणाला असते? पण सहादेव खाटेवर बसून देखरेख करायचा, तेव्हा करणं भाग होतं. ती त्या पानात मोजून दोन वडे वाढायची. तिसरा कधी नाही.

फोटोतली पुष्पावती डोक्यावरून पदर घेऊन, नाकात मोठी नथ घालून तिरकी बघत होती. गोरीपान. विजयमाला काळी, आणि सहादेवने ते तिला एक दिवस विसरू दिलं नव्हतं. भिंगारच्या लष्करी मेसमध्ये वाढप्याचं काम केलेला माणूस. साहेबांपुढे जीभ आवरायची ती सगळी घरी येऊन सोडायची. भाकरीला चीर पडली की पुष्पावतीच्या भाकऱ्या निघायच्या. मुलगी सावळी झाली तेव्हा बाळंतिणीच्या खाटेशी उभा राहून हा फोटोकडे बघत हळहळला होता. ते विजयमालाच्या मनातून कधी गेलं नाही. त्या मेलेल्या बाईचा ती मनापासून दुस्वास करायची.

नात धनश्री पुण्याला सिनेमाचं शिकत होती, सुटीला आली होती. आज तिने फ्रेम भिंतीवरून उतरवून पहिल्यांदाच उजेडात नीट पाहिली आणि ती थबकली. मोबाईलवर बराच वेळ काहीबाही शोधत बसली. मग फ्रेम परत खिळ्याला अडकवून ती आजीजवळ ओट्यापाशी आली आणि हळू आवाजात सांगू लागली. ही बाई इटलीची आहे. लेतिझिया कोराल्दी. शंभर वर्षांपूर्वीच्या मुक्या सिनेमातली नटी. सात वर्षांत सव्वीस चित्रपट केले, लोक तिच्यासाठी तिकीटखिडकीवर मारामाऱ्या करायचे. एका चित्रपटात ती हिंदू राणी झाली होती, त्या वेशातलं हे छापील कार्ड. पुढे लग्न झालं, नवऱ्याने काम सोडायला लावलं आणि मग तिच्याबद्दल कुणी काही लिहिलंच नाही.

मोबाईलवर तोच पदर होता, तीच नथ. पुढच्या फोटोत तीच बाई टोपी घालून, मांडीवर कुत्रं घेऊन बसली होती.

विजयमालाने गॅस बंद केला. हात पुसत ती खाटेपाशी गेली आणि मोबाईल नवऱ्याच्या डोळ्यांपुढे धरला.

"ही कोन?"

सहादेवने पाहिलं आणि मान फिरवली. पोरगी पुण्याला जाऊन वाया गेली, मोबाईलवरचं कुणी खरं मानतं का, असं बरंच बोलला. विजयमाला जागची हलली नाही. मग त्याचा आवाज खाली आला. पुष्पावतीचा फोटो कुणी काढलाच नव्हता. दुसरं लग्न ठरलं तेव्हा नव्या सुनेला पाया पडायला काहीतरी हवं, म्हणून एका साहेबाच्या टाकून दिलेल्या पेटीतलं हे चित्र त्याने काचेत बसवून आणलं. त्याच्या आईला कळलं होतं. पण देवाला चालतंय म्हणून तीही गप्प बसली.

"मग भाकऱ्या कोन चांगल्या करायची? ही का ती?"

सहादेव पांघरुणाची दशी ओढत राहिला.

"बोला की."

"पंधराची हुती. चार म्हैने नांदली. तिला भाकरी येतच न्हवती."

"आन् रंग?"

"तुज्यावानीच. काळी." दशी सोडून तो म्हणाला, "बोलता बोलता मलाच खरं वाटाय लागलं गं."

हे कधी ऐकायला मिळालं तर आपण गल्लीभर पेढे वाटू, असं विजयमालाला वाटत आलं होतं. आता तिला नुसता संताप आला, आणि तो स्वतःसाठी नव्हता. पंधराची पोर. पारनेरला माहेरी तापाने गेली, एवढंच तिला ठाऊक होतं. पान तिच्या नावाचं आणि पुढ्यात भलतीच बाई. वर दरसाल आपल्या शिव्या.

तिने फ्रेम काढून धनश्रीच्या हातात दिली.

"हिला ने पुन्याला. लई वर्सं राबली बिचारी आपल्याकडं, पगार न्हाई का काय न्हाई."

भिंतीवर फ्रेमच्या मापाचा, रंग न उडालेला निळा चौकोन उरला होता. विजयमालाने त्याच्यापुढे पाट मांडला, समई लावली, साडी ठेवली, पान घेतलं. सहादेव काठी टेकत उठला. कुंकू लावायचा मान दरवर्षी त्याचाच. त्याने हात पुढे केला तसा तिने करंडा उचलून बाजूला ठेवला.

"तुमी नका. तुमाला तिचं तोंड तरी आठवतंय का?"

सहादेवने हात मागे घेतला. मग खाटेवर जाऊन बसला. जेवायचं कधी, असं त्याने विचारलं नाही.

विजयमाला पाटापाशी खाली बसली. चौपन्न वर्षांत तिने सवतीला नावाने हाक मारली नव्हती. आताही ते नाव तिच्या तोंडी आलं नाही.

"ये पोरी," ती म्हणाली. "जेव."

पानात दोन वडे होते. पंधराव्या वर्षी भूक फार लागते. तिने हात लांब करून वड्यांची परात ओढली आणि आणखी चार वाढले.