मागे घेतलेलं अपील

अपील करायचा हट्ट गोजाबाईचाच होता. एकोणीसशे अठ्ठावीस सालच्या उन्हाळ्यात सोलापूरच्या सेशन कोर्टानं तिच्या नवऱ्याला, बिरप्पाला, खुनासाठी जन्मठेप सुनावली, तेव्हा त्यानं मान खाली घातली. तिनं मात्र त्याच दिवशी दास्ताने वकिलांचा उंबरा गाठला आणि अपील मुंबईच्या हायकोर्टात गेलं.

दोन महिन्यांनी वकिलांचा सांगावा आला, असशील तशी ये. मेंढरं दिराच्या, धुळाप्पाच्या, हवाली करून ती मंद्रुपाहून चालत आली. वकिलांपुढं जाड पुस्तक उघडं होतं.

"बाई, हायकोर्टाचा एक निकाल छापून आलाय. विहिरीवरचं भांडण, कुऱ्हाडीचे दोन घाव. पहिल्या घावानं माणूस पडला, मग दुसरा घातला. आरोपीला जन्मठेप झाली, त्यानं अपील केलं."

"मंग? सुटला?"

"सजा वाढवली. पडलेल्या माणसावर घाव घालणाऱ्याला दया नाही, म्हणाले. फाशी दिली."

 त्या दिवशी विहिरीवरच्या भांडणात गुरप्पा थारोळ्यापाशी, मोटेचं पाणी पडतं तिथं, कोसळला होता आणि बिरप्पाची कुऱ्हाड पुन्हा वर गेली होती. गोजाबाईनं ते दहा पावलांवरून पाहिलं होतं. ती ओरडली नव्हती.

"आमचं बी तसंच की वो," ती हळूच म्हणाली.

"तंतोतंत. म्हणून अपील मागे घ्यायचं. त्याचा अंगठा लागेल."

तुरुंगात बिरप्पा गजांपाशी आला तो आशेनंच. वकिलांनी सगळं सांगितलं, तसा त्याचा चेहरा उतरला.

"तूच म्हनलीस की, अपील करू."

"व्हय, मीच म्हनले. आता मीच म्हनते, नगं."

"मंग मी हितंच सडू?"

"जित्तं तर ऱ्हाशीला."

 मग त्यानं अंगठा पुढं केला. ठसा पुसट उमटला. शिपायानं त्याचा हात धरून पुन्हा दाबला.

अर्ज टपालानं मुंबईला गेला. "कोर्टानं आपणहून सजा वाढवायला घेतली नसेल, तर वाचलो," वकील म्हणाले होते. तो एक 'तर' घेऊन गोजाबाई मंद्रुपाला परतली.

पंधरवड्यानं ती पुन्हा आली. वकील दारातच उभे होते.

"अर्ज पोचायच्या आदल्या दिवशीच नोटीस निघाली. सजा वाढवून फाशी का देऊ नये, ते आरोपीनं सांगावं. आता अपील मागे घेतलं तरी नोटीस थांबत नाही."

"आन् आमी अपील केलंच नसतं तर?"

वकिलांनी चष्मा काढला. "तर कागद मुंबईला गेलेच नसते."

"मी झगडेन, बाई," ते पुढं म्हणाले. "पण तो निकाल माझ्यापुढं टाकतील, आणि त्याला माझ्यापाशी उत्तर नाही. उद्या जेलर त्याला नोटीस देईल."

"जेलर नगं. मी सांगते."

बिरप्पा या खेपेला शांत दिसत होता. दाढी करून घेतली होती.

"धुळाप्पाला सांग, लोकर कातराय झाली आसंल," तो म्हणाला. "येरवड्याला न्हेनार म्हनत्यात मला. चालतंय. ईस वर्सं म्हंजी लई न्हाईत. मुंबैचं उत्तर आलं व्हय?"

"आलं."

"बरं झालं. सुटलो त्या घोरातनं."

गोजाबाईनं दोन्ही हातांनी गज धरला.

"खाली बसा," ती म्हणाली. "सांगते."