लादिनीत सोनूबाईचं नाव

आमच्या इनासला एक वाईट खोड आहे. समोरच्या माणसाने तोंड उघडलं की याचं उत्तर तयार. प्रश्न पुरा झाला की नाही, विचारणाऱ्याच्या मनात काय होतं, याच्याशी त्याला काही देणंघेणं नाही. आधी असा नव्हता. आधी मठ्ठ होता, पण गप्प तरी बसायचा.

गेल्या वर्षापासून तो दर शनिवारी वांद्र्याला जायला लागला. देवाला न मानणाऱ्या लोकांशी कसं बोलावं, याचा तिथे कोर्स असतो. कोर्स! मी मराठी शाळेत दुसरीपर्यंत गेले, मला कुणाशी बोलायला कोर्स लागला नाही. इनास तिथून छापील उत्तरांच्या रंगीत कार्डांचा गठ्ठा घेऊन आला आणि नवं नाव घेऊन आला. जन्मभर इनास होता, आता ब्रदर इग्नेशियस. अहो, मी जन्म दिलाय त्याला, मी त्याला ब्रदर कुठून म्हणू?

आमचं घर मरोळच्या गावठाणात, वाटेवरच्या दगडी क्रूसाच्या समोरच. शेतं कंपन्यांनी गिळली, उरली ती घरं. घरामागे माझ्या नवऱ्याने, कायतानने, भाड्याने द्यायला दोन खोल्या बांधल्या होत्या. त्यातल्या एकीत काशीराम राहतो. वेंगुर्ल्याकडचा माणूस, कुर्ल्याच्या मिलमध्ये होता. संपात मिल गेली, आता कुठल्याशा कंपनीच्या गेटावर वॉचमन आहे. लाल बावटेवाला. देव नाही, भूत नाही, श्राद्ध नाही, पितृपक्ष नाही. त्याची बायको सोनूबाई त्याच्या उलट, दिसेल त्या देवाला हात जोडणारी. मे महिन्यात मी मसाला कुटायला घेतला की न बोलावता येऊन मिरच्यांची देठं खुडत बसायची. ती गेल्या नाताळानंतर गेली. काशीरामने दहावं केलं नाही की तेरावं केलं नाही. त्याच्या भावांनी त्याच्याशी बोलणं टाकलं.

मलाही त्याचा रागच आला होता. बाईने जन्मभर तुझे कपडे धुतले, तिच्या नावाने पाणी सोडायला तुझा हात मोडला होता का?

पण संध्याकाळी कामावरून आला की त्याला त्या खोलीत बसवेना. तो क्रूसाच्या चौथऱ्याच्या पायरीवर येऊन बसायला लागला. मी मेणबत्ती लावायला जायची. पहिले काही दिवस काही बोलला नाही. मग एकदा बिडी कानावर खोचून म्हणाला, "काय गो बायो, तुझो देव तिसऱ्या दिवशी उठलो म्हणतत. तू बघितलंस?"

"मी नाही बघितलं. तू रशिया बघितलास?"

"नाय."

"मग मिलच्या गेटावर काय बघून बोंबलत होतास?"

हसला मेला. त्या दिवसापासून रोज काहीतरी विचारायचा. पाण्याची दारू कशी झाली, कुमारीला मूल कसं झालं, पोपला एवढा बंगला कशाला. मला जे माहीत ते सांगायची, नसेल माहीत तर माहीत नाही म्हणायची. आमच्या फादरांना बंगला कशाला, हे तर मीही इतकी वर्षं विचारतेच आहे. त्याला वाटायचं, म्हातारी आता चिडेल. मी कशाला चिडू? याच्या दोन प्रश्नांनी पडायला माझा देव मी कुडाच्या भिंतीवर टांगलेला नाही.

मार्चमध्ये एकदा तो आला तो डोळे लाल करूनच. मला वाटलं, घेऊन आलाय. तोंडाला वास नव्हता.

"माझी सोनू सगळ्यांका हात जोडी," म्हणाला. "वेतोबाक जोडी, साईबाबाक जोडी. तुझ्या ह्या क्रूसाक पण मेणबत्ती लावी. काय मिळाला तिका? शेवटचे आठ दिस नुसती कण्हत होती. माका सांग, खंय होतो तुमचो सगळ्यांचो देव?"

आता या जागी आमच्या ब्रदरने तीन नंबरचं कार्ड काढलं असतं. मी काय काढू? माझा कायतान फुप्फुसं खोकून खोकून गेला, तेव्हा हाच प्रश्न मी याच क्रूसाला विचारला होता, आणि शिव्या देऊन विचारला होता.

मी म्हटलं, "मला माहीत नाही, काशीराम. पण ज्याला मी मानते ना, तोही खिळे ठोकल्यावर ओरडला होता. देवा, मला का टाकलंस, म्हणून. त्यालाही वरून उत्तर आलं नाही."

"ह्या तुमच्या पुस्तकात लिवलेला आसा?"

"लिहिलंय. दर वर्षी गुड फ्रायडेच्या आधीच्या रविवारी फादर मोठ्याने वाचतात."

"म्हणजे लपवूक नाय."

"लपवायचं कशाला?"

तो वळून क्रूसाकडे तोंड करून बसला. एरवी पाठ टेकून बसायचा. उठताना खाली बघत म्हणाला, "मे महिन्यात तुम्ही हय गाणी म्हणतात, मेलेल्यांची नावां घेतात. त्या दिवशी सोनूचा नाव घेशात?"

मी म्हटलं, "घेऊ."

आमची लादीन ती. मे महिन्यात सगळं गावठाण क्रूसापुढे जमतं, प्रार्थना म्हणतं, गातं, प्रत्येक घर आपल्या गेलेल्या माणसांची नावं सांगतं, आणि मग उकडलेले चणे वाटतात. ज्या माणसाने बायकोच्या नावाने पाण्याचा थेंब सोडला नाही, तो हे मागत होता. त्याला किती जड गेलं असेल, ते मला कळलं. गाढवालाही कळलं असतं.

इनासला मी सांगितलं, कारण यंदा लादिनीचा माईक त्याच्याकडे. तो म्हणाला, "आय, तिचा बाप्तिस्मा झाला नव्हता."

"नाव घ्यायचंय रे, पुरायची नाहीये तिला."

"नियम असतो."

मी तडक फादरांकडे गेले. फादर म्हणाले, प्रार्थना कुणासाठीही करता येते. मग इनासचं तोंड बंद झालं, पण डोळे चमकायला लागले. मला ते डोळे ओळखीचे आहेत. लहानपणी शेजारणीच्या झाडावर पिकलेला पेरू दिसला की असेच चमकायचे.

दुसऱ्या दिवशी कार्डं घेऊन हा काशीरामच्या खोलीत. मधे पत्र्याची भिंत, मला सगळं ऐकू येत होतं.

"ब्रदर काशीराम," सुरुवातच ही. ज्याच्या खांद्यावर बसून वांद्र्याच्या मोतमावलीची जत्रा बघितली, त्या काकाला ब्रदर! "समजा, आज रात्री तुम्हाला मरण आलं, तर तुम्ही कुठे जाल?"

"मसणात," काशीराम म्हणाला. "पण सकाळी. रात्री लाकडां गावनत नाय."

"तसं नाही. हे चित्र बघा. इकडे माणूस, तिकडे देव, मधे पापाची दरी. आणि दरीवर हा पूल."

"पूल झालो ता बरा झाला. आपल्या नाल्यावर म्युनिसिपालटी अजून बांधताच आसा."

इनासने पुढचं कार्ड काढलं. मग त्याच्या पुढचं. काशीराम मधे म्हणाला, "अरे इनास, माका एक विचारूचा होता, सोनूचा..." आणि आमच्या ब्रदरने लगेच, "सांगतो, सांगतो, ते पाचव्या कार्डात आहे." पाचव्या कार्डात सोनूबाई नव्हती. काशीरामने पुन्हा विचारलं नाही. चहा मात्र पाजला.

इनास घरी नाचत आला. "आय, तो हसला! आमचे सर म्हणतात, हसला म्हणजे दार उघडलं."

"काशीरामला संपात पोलिसांनी धरला तेव्हा चौकीतही तो हसत होता," मी म्हटलं. "पुष्कळ दारं उघडली त्याने."

ऐकतो कोण!

लादिनीच्या संध्याकाळी क्रूसाला झेंडूच्या माळा, वर ट्यूबलाइटी, लाऊडस्पीकर. गावठाण सतरंज्यांवर बसलेलं. काशीराम आला. इस्त्रीचा पांढरा शर्ट, दाढी केलेली. सगळ्यांच्या मागे, नळापाशी उभा राहिला. त्याने चपला काढून बाजूला ठेवलेल्या मी बघितल्या. कुणी त्याला सांगितलं नव्हतं.

प्रार्थना झाली, गाणी झाली, नावं सुरू झाली. एकेक घर उठत होतं, नावं सांगत होतं, आणि लोक म्हणत होते, प्रभू त्यांना विसावा दे. मी कायतानचं नाव सांगितलं. आता सोनूबाईचं. ठरल्याप्रमाणे ते इनासने घ्यायचं होतं. मी मागे वळून बघितलं. काशीरामने दोन्ही हात पोटापाशी धरले होते. जोडावेत की नाही, ते त्याचं ठरत नव्हतं.

इनास माईकवर म्हणाला, "नावं घेण्याआधी, बंधूंनो आणि भगिनींनो, एक साक्ष! आज आपल्यामध्ये एक असा माणूस उभा आहे, जो देव नाही म्हणत होता. लाल बावट्याचा माणूस! मी त्याच्या घरी गेलो, त्याला सुवार्ता सांगितली, आणि बघा, आज तो कुठे आहे! मागे बघा, नळापाशी! टाळ्या!"

सगळं गावठाण मागे वळलं. काही मूर्खांनी टाळ्या वाजवल्या. एका टवाळाने शिटी मारली. कुणीतरी ओरडलं, "लाल सलाम, काशीराम!" आणि हशा झाला.

काशीरामचे हात खाली आले. त्याने वाकून चपला घातल्या. घाई केली नाही, मान खाली घातली नाही. बोळात शिरला आणि गेला.

आणि इनास? टाळ्यांच्या भरात पुढचं गाणं सुरू करून मोकळा झाला. सोनूबाईचं नाव घ्यायचं राहिलं! ज्याच्यासाठी तो माणूस आला होता तेच राहिलं. मी उठले, गाणं मधेच थांबवलं, आणि माईकबिईक न घेता ओरडले, "सोनूबाई काशीराम परब!" लोक दचकले, पण म्हणाले, प्रभू तिला विसावा दे. बोळापर्यंत आवाज गेला असेल की नाही, देव जाणे.

चणे न घेताच मी मागच्या खोलीवर गेले. काशीराम स्टोव्हला पंप मारत होता. शर्ट काढून खुंटीला लावला होता.

"नाव घेतलं रे," मी म्हटलं. "मी घेतलं."

"बरा केलंस."

"त्याचं मनावर घेऊ नको. अक्कल नाही त्याला."

"तुझ्यावर राग नाय, बायो." त्याने पिन घालून स्टोव्ह साफ केला. "पण माका बाजारात उभो केल्यान. मी सोनूसाठी इलंय, माझी जाहिरात करूक नाय इलंय."

"उद्या येशील पायरीवर?"

"बघूया."

हे 'बघूया' मला माहीत आहे. मिलच्या मॅनेजरलाही तो असंच म्हणायचा, आणि दुसऱ्या दिवशी गेट बंद असायचं.

घरी आले तर इनास खुर्चीत, मांडीवर चण्यांचा पुडा. तोंड असं फुललेलं, जणू नुकताच बिशप झालाय. म्हणाला, "आय, बघितलंस ना? शनिवारी सरांना सांगणार आहे मी. एकच धक्का बाकी होता. तो थोडा लाजला, पण येईल परत."

मी त्याच्या मांडीवरचा पुडा उचलून टेबलावर ठेवला. म्हटलं, माझ्याकडे बघ. त्याने बघितलं.

"इनास, चार महिने तो माणूस एक एक बोट सरकत क्रूसाजवळ येत होता, आणि तू एका मिनिटात त्याला हाकलून लावलंस. वर टाळ्या मागतोस. तुला त्याची कीव नव्हती, त्याच्या बायकोची आठवण नव्हती, देवाची तर नव्हतीच नव्हती. तुला शनिवारी सरांना सांगायला काहीतरी हवं होतं. आता नीट ऐक, आणि मधे बोलू नको. तो पुन्हा पायरीवर येईल की नाही, मला माहीत नाही. आला, तर तू घरात बसायचं. खिडकीत नाही, दारात नाही, आत. तो जे विचारेल ते मला विचारेल. आणि तुला कुणी विचारलं, ब्रदर, तुम्ही बाहेर का येत नाही, तर सांगायचं, माझ्या आयशीने मला देवाचं नाव घ्यायला बंदी केलीय, कारण मला माणसाचं नाव घेता येत नाही."