मेरिपाची चटई

मातालेनानं समुद्राकडचा पडदा वर ओढला आणि दोरी हातात धरून ती तशीच उभी राहिली.

जोत्यासमोरच्या खडीवर कोणीतरी बसलं होतं. मांडी घातलेली, मान खाली, आणि डोक्यावरून पार कमरेपर्यंत चटई पांघरलेली. नुकतं फटफटत होतं. बारीक पाऊस पडत होता आणि चटईवरून पाणी निथळत होतं. चटईखालून एका पावलाची बोटं बाहेर आली होती. गोरी, पाण्यानं सुरकुतलेली. शेजारी बुटांची जोडी नीट मांडून ठेवलेली, आत मोजे कोंबलेले.

दोरीला रोज दोन वेढे द्यायचे. तिनं चार दिले.

"आले," ती म्हणाली.

ती हे खांबाला म्हणाली. उजवीकडचा तिसरा खांब सेमिसीचा, तिच्या नवऱ्याचा. त्याला पाठ लावून तो बसायचा, आणि तो गेल्यावर तिथे दुसरं कोणी बसलं नव्हतं. बत्तीस वर्षं रोज सकाळी हा पडदा उघडून, खडीकडे बघून ती त्या खांबाला एकच वाक्य सांगायची: "आज पण नाही आले." मग चूल पेटवायची. वादळात सांगितलं, तापात सांगितलं. धाकटी बहीण मेली त्या दिवशीसुद्धा आधी हे सांगितलं आणि मग ती रडायला गेली.

कोणाच्या हातून कोणाचा जीव गेला, की उजाडायच्या आत मारणाऱ्याच्या घरचा कर्ता माणूस मेलेल्याच्या दारात येऊन बसतो. डोक्यावर घरातली सगळ्यात चांगली चटई. इफोंगा म्हणतात त्याला. बोलायचं नाही, वर बघायचं नाही. आतल्यांनी कोयता घेऊन बाहेर यावं की रिकाम्या हातानं, ते त्यांनी ठरवायचं. कोणी हातानं चटई उचलली की मिटलं. मग त्या गोष्टीचा उच्चार पुन्हा करायचा नाही. भांडणात नाही, दारूत नाही, मरतानासुद्धा नाही.

सेमिसीचा जीव गोऱ्या सरकारनं घेतला होता. गोळी घालून नाही. तशी घातली असती तर निदान गावाला दिसलं असतं. मातालेनानं तीन वर्षं खपून केवड्याच्या पात्यांची एक चटई विणली होती, अशी बारीक की घडी केली तर काखेत मावावी. सेमिसीचा मामा वारला. मामाच्या मयताला चटई न्यायची नाही तर काय पाव न्यायचा? पण त्या साली सरकारनं चटयांच्या देवघेवीवर बंदी घातली होती. का, तर म्हणे सामोआची माणसं चटया वाटण्यात वेळ फुकट घालवतात. सरकारला एक पातं सोलता येत नव्हतं, पण चटई नेणाऱ्याला उचलून दुसऱ्या बेटावर टाकता येत होतं. सेमिसीनं चटई खांद्यावर घेतली, भर दुपारी, रस्त्याच्या मधोमध चालत नेली. कमरेला पांढऱ्या पट्ट्याची निळी लुंगी, माऊची, म्हणजे गोऱ्यांचं राज्य नको म्हणणाऱ्या चळवळीची. तीही बंदीतलीच. दोन गुन्हे एकदम.

दीड वर्षानं कागद आला. 'तापाने.' बास, तेवढंच. माणूस आला नाही, हाडं आली नाहीत.

तेव्हा गावाच्या बैठकीत ती उभी राहून म्हणाली होती, "सरकारनं माझ्या दारात येऊन बसावं." सगळी खाली बघत राहिली. मागून कोणीतरी हसलं. पुढे त्याची गावात थट्टाच झाली. कोणी कबूल करूनही यायला उशीर केला, की पोरं म्हणायची, मातालेनाचं सरकार झालंय त्याचं.

ती खांबापासून हातभर अंतरावर बसली आणि बाहेर बघत राहिली. लगेच जायचं नसतं. बसणाऱ्याला बसू द्यायचं असतं.

आपल्याला काय वाटेल, याचा तिनं बत्तीस वर्षं विचार केला होता. ओरडू, असं तिला वाटायचं. कोयता तर तिनं धार लावून आढ्याला खोचूनच ठेवला होता. आता तिचे हात मांडीवर नुसते पडून होते.

तेवढ्यात तिची नजर चटईच्या काठावर गेली. लाल लोकरीची किनार, डाव्या कोपऱ्यात उसवलेली. मेरिपाची झोपायची चटई. गावातली कुठली चटई कोणाची हे तिला काठावरून कळायचं, आणि ही तर जाडीभरडी, पोरांनी मुतून खराब केलेली. मेरिपा म्हणजे गावप्रमुख वातेलेची बायको.

'पालांगी, गोरा माणूस,' ती मनाशी म्हणाली, 'त्याला चांगली चटई कुठून मिळणार? मागून आणली असेल. त्यांना कुठे कळतं काय.'

मेरिपा आंघोळीला निघाली होती. तिनं लांबूनच हाक मारली.

"काय गं मातालेना! अजून पडदा उघडून बसलीयेस? आलं की काय तुझं स..."

तिचं पाऊल थांबलं. तिनं चटई बघितली, बूट बघितले, आणि मग आत बसलेल्या मातालेनाचं तोंड बघितलं. मातालेनानं नवी लुंगी नेसली होती. केस सोडून, तेल लावून पुन्हा बांधले होते. एवढ्या वेळात.

"अगं, ती माझी..." मेरिपा म्हणाली, आणि बाकीचं गिळलं. मग ओल्या खडीवर तिथेच खाली बसली. वातेलेची बायको, कोणाच्या दारात अशी बसत नसे.

तिला बसलेलं बघून बाकीची आली. कोणी कोको ढवळायचा सोडून आलं, कोणी पोर कडेवर घेऊन. वातेले काठी टेकत आला आणि फणसाच्या झाडाखाली उभा राहिला. तोही त्या बैठकीत होता. खाली बघणाऱ्यांत पहिला.

मग रस्त्यावरून पेसामिनो धावत आला. आपियाच्या सरकारी कचेरीतला दुभाष्या, काल सकाळी गोऱ्या साहेबाबरोबर लाँचनं आलेला. काखेत याद्यांचं बाड, हातात शाईची बाटली.

"सर, सर!" आणि पुढे इंग्रजी.

चटई हलली. ती आतूनच बाजूला सरली आणि एक लालबुंद तोंड बाहेर आलं. कानांवर पाणी, भुवयांवर पाणी. तो माणूस सगळ्यांकडे बघून हसला आणि मोठ्यानं नमस्कार करत म्हणाला,

"तालोफा!"

जमलेल्यांनी श्वास आत ओढला. चटई आतल्यानं काढायची नसते.

"माफ करा हं आजी," पेसामिनो धापा टाकत म्हणाला, "हे मिस्टर कॉलिन. मतदार यादीचे. मे महिन्यात मत द्यायचंय ना, आपलं राज्य आपल्या हातात घ्यायचं की नाही ते. सगळ्या गावाची नावं काल झाली, तुमचंच राहिलं. लोक म्हणाले, म्हातारी सरकारच्या माणसाला दगड मारते. तर मीच यांना सांगितलं, जोत्यावर चढू नका, उभं राहू नका, खाली बसून वाट बघा. मी शाई विसरलो म्हणून परत गेलो, तेवढ्यात हा पाऊस. बसायला दिलेली चटई बिचाऱ्यांनी डोक्यावर..."

बोलता बोलता त्यानं गर्दीकडे बघितलं आणि त्याचा आवाज बारीक होत गेला. तो पोरगा असला तरी सामोआचाच होता. साहेबाला आपण कुठे, कसं बसवलं, ते त्याला आत्ता दिसलं.

मागे कोणीतरी फिस्सकन हसलं. बत्तीस वर्षांपूर्वी हसलं होतं तस्संच. माणसं मरतात, पण हसणाऱ्याची जागा गावात कधी रिकामी राहत नाही.

मातालेना उठली. जोत्याच्या कडेला आली. तिच्या तोंडावर काहीच नव्हतं.

"त्याला सांग," ती म्हणाली, "चटई परत डोक्यावर घे."

"आजी, त्यांना यातलं काही ठाऊक नाही. चूक झाली. माझी चूक."

"ठाऊक नाही ना? मग सांग त्याला. दुभाष्या आहेस ना तू? की नुसती शाई वाहतोस?"

फणसाखालून वातेले म्हणाला, "पोरगा आहे तो साहेब, मातालेना. त्याला या कामाला कोणी पाठवलेलं नाही."

"या कामाला कोणी कधीच पाठवणार नाही, वातेले. उठून जातील, झेंडा खाली घेतील, हात मिळवतील. तुम्ही त्यांना पाच डुकरं कापाल. तू रांगेत पहिला असशील."

वातेलेनं काठी या हातातून त्या हातात घेतली.

पेसामिनो साहेबाजवळ उकिडवा बसला आणि हळूहळू सांगू लागला. बराच वेळ सांगत होता. मातालेनाला इंग्रजी येत नव्हतं. तिला मधूनमधून फक्त 'सेमिसी' ऐकू यायचं. साहेबाचं हसू आधी तोंडाच्या एका बाजूनं गेलं, मग दुसऱ्या बाजूनं. त्यानं बुटांकडे बघितलं. मग काहीतरी विचारलं.

"ते विचारतायत, नाव नीट कसं म्हणायचं?"

"सेमिसी."

"सिमसी," साहेब म्हणाला.

"सेमिसी."

"सेमिसी."

मग त्यानं मेरिपाची ती चटई दोन्ही हातांनी उचलली, डोक्यावरून ओढून घेतली आणि मान खाली घातली. बूट त्यानं आधी पाठीमागे सारले होते, नजरेआड.

पाऊस वाढला. कोणी आडोशाला गेलं नाही. मेरिपाच्या मांडीवर पाण्याचं तळं झालं होतं. चटईखालचा माणूस मधूनच थरथरत होता, थंडीनं की कशानं, देव जाणे. पेसामिनो त्याच्या मागे जाऊन बसला. त्याच्या डोक्यावर घ्यायला काही नव्हतं, म्हणून त्यानं दोन्ही हात डोक्यावर ठेवले. कोणाच्या घरचा कोण, पण बसला.

मातालेना जोत्यावरच उभी होती. गावाला वाटलं, ती कोयत्याचा विचार करते आहे. ती खांबाकडे बघत होती. हे पोरगं सरकार नव्हतं, हे तिला कळत होतं. सरकार समुद्रापलीकडे वेलिंग्टनला अंथरुणात होतं आणि त्याला सेमिसी हे नाव ठाऊकच नव्हतं. ही चटई उचललीस तर मिटलं, असं तो खांब म्हणत होता. उद्यापासून सकाळी मला काय सांगशील?

ती खाली उतरली. खडीवरून अनवाणी चालत गेली आणि एका हातानं चटई उचलली.

खाली विस्कटलेले, ओले, पिवळट केस होते. नाकावर तांबडे ठिपके. ओठ निळे पडलेले.

"जन्म कुठल्या सालचा, विचार."

पेसामिनोनं विचारलं. "सदतीस."

सेमिसी तेव्हा आठ वर्षं मातीत होता. तिनं मान हलवली.

"आत ये म्हणावं. भिजलाय. कोको पितो का, विचार. आणि तू पण ये, शाईवाल्या."

तिनं स्वतः चूल पेटवली. साहेबानं गरम कोकोनं जीभ भाजून घेतली आणि तसं दाखवलं नाही. तो खांबाच्या दिशेनं टेकायला सरकू लागला, तसा पेसामिनोनं त्याला बाहीला धरून इकडे ओढला. मग त्यानं यादी उघडली.

"नाव?"

"मातालेना."

"घरात आणखी कोणी, मत देणारं?"

आजवर जनगणनेला जो जो आला, त्याला तिनं 'दोन माणसं' म्हणून सांगितलं होतं, आणि जो वाद घालायला लागला त्याला दगड. पेसामिनो लेखणी धरून थांबला. पागोळ्यांचं पाणी खडीवर पडत होतं.

"नाही," ती म्हणाली. "मी एकटीच."

दुपारी लाँच गेली. मेरिपा आली आणि दारात घुटमळली. चटई आढ्यावर वाळत घातलेली होती. उचलणाऱ्याकडे चटई राहते, हे मेरिपाला सांगायची गरज नव्हती.

"कोपरा उसवलाय गं तिचा," मेरिपा म्हणाली. "लोकर पाठवते लाल."

"पाठव."

"रात्री सोबतीला येऊ का?"

"कशाला?"

मेरिपा गेली. मातालेनानं संध्याकाळी चटई काढली, घडी केली आणि पेटीत ठेवली. काखेत मावणारी घडी झाली नाही. पेटीचं झाकण नीट लागेना, म्हणून तिनं त्यावर कोयता ठेवला.

दुसऱ्या दिवशी पाऊस नव्हता. ती रोजच्या वेळेला उठली, समुद्राकडचा पडदा ओढला, दोरीला दोन वेढे दिले. खडी ओली आणि रिकामी होती. बुटांच्या टाचांनी पडलेले दोन खळगे अजून दिसत होते. ती खांबाकडे वळली.

"आज पण..."

तिनं ओठ मिटले. मग वेढे सोडून पडदा खाली घेतला, चुलीपाशी गेली, आणि चूल न पेटवताच बसून राहिली.